मागाचा खडखडाट, पंचकार्डं आणि सेन्सॉरचा कागद

३ जानेवारी २०२५ रोजी संध्याकाळी आमच्या माहितीपटाचं प्रमाणपत्र पोर्टलवर दिसलं. लांबी २४ मिनिटं, श्रेणी ‘यू’, विषय सोलापुरी चादरीची नक्षी कागदावरून मागावर कशी उतरते. अर्ज केला होता १४ ऑक्टोबरला. मधल्या ८१ दिवसांतले निम्मे तरी माझ्याच चुकांनी खाल्ले, आणि त्या चुकांची मुळं चित्रीकरणात होती. म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

आधी एक खुलासा. यूट्यूबवर टाकायला सेन्सॉर प्रमाणपत्र लागत नाही. महोत्सवांनाही सहसा लागत नाही, निवडलेल्या चित्रपटांसाठी आयोजकच माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट घेतात. त्यामुळे आपल्यासारखे एकट्यादुकट्यानं काम करणारे लोक या भानगडीत पडत नाहीत. पण आपल्याच गावातल्या थिएटरात चार लोकांना बोलावून दाखवायचं म्हटलं, की मालक पहिल्यांदा हाच कागद मागतो. तिकीट असो वा नसो. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांच्या प्रवेशिकेलाही तो लागतो.

चित्रीकरण जानेवारी ते मार्च २०२४, सोलापुरातच. अक्कलकोट रोड एमआयडीसीतले दोन कारखाने आणि पूर्व भागातलं एक घर, जिथं पुढच्या खोलीत माग आणि मागच्या खोलीत संसार. किल्ला सुरुवातीलाच सोडून दिला. भुईकोट भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या ताब्यात आहे, चित्रीकरणाला रीतसर परवानगी आणि दिवसाचं शुल्क लागतं, आणि आपल्याला तो हवा होता फक्त शोभेपुरता. ड्रोनही सोडला. होटगी रोडचा विमानतळ गावाला इतका चिकटून आहे, की आकाशाचा नकाशा उघडल्यावर शहराचा बहुतेक भाग परवानगीच्या रंगात दिसतो. चार मजली इमारतीच्या गच्चीवरून लांब लेन्स लावली, काम झालं.

कारखान्यात शिरल्यावर तीन गोष्टी त्रास देतात: दिवे, रुई आणि आवाज.

जुन्या चोकच्या ट्यूबलाइट सेकंदाला शंभर वेळा लुकलुकतात. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणून कॅमेरा २५ फ्रेमवर आणि शटर १/५० किंवा १/१०० वर ठेवा, पट्टे येणार नाहीत. पण धोटा, म्हणजे आडवा धागा घेऊन मागावर इकडून तिकडं पळणारा लाकडी तुकडा, चित्रात गोठवायचा असेल तर शटर १/२५० च्या पुढं न्यावं लागतं, आणि तिथं ट्यूबखाली चित्रावर काळे पट्टे सरकायला लागतात. यावर उपाय एकच: ते शॉट दरवाजाजवळच्या मागावर, उन्हाच्या उजेडात, आजूबाजूच्या ट्यूब बंद करून घ्या. पूर्वेकडं तोंड असलेल्या शेडमध्ये सकाळी नऊ ते अकरा एवढाच वेळ मिळतो. आम्हाला बारा सेकंदांच्या धोट्यासाठी तीन सकाळी लागल्या.

रुई हवेत तरंगत असते आणि कॅमेऱ्याच्या पंख्याच्या जाळीत जाऊन बसते. लेन्स आत कधीच बदलायची नाही, बाहेर गल्लीत यायचं. जाळीवर मलमलचा पातळ तुकडा रबरबँडनं लावला आणि दर वीस मिनिटांनी झटकला. जाड कापड लावू नका, कॅमेरा तापून बंद पडतो. सेन्सरवर तंतू बसला तर रबरी फुग्यानंच उडवा, तोंडानं फुंकर मारली की थुंकीचा ठिपका बसतो आणि तो सहजी निघत नाही.

आवाजाचं सांगायचं तर, चालू शेडमध्ये शेजारच्याच्या कानात ओरडावं लागतं. मुलाखती जेवणाच्या सुट्टीत किंवा वीज गेल्यावर. सोलापुरात दुसऱ्या पर्यायासाठी फार थांबावं लागत नाही. पण मुलाखतीइतकाच महत्त्वाचा असतो नुसता मागाचा आवाज: मागाच्या अगदी जवळ, शेडच्या दारात आणि बाहेर गल्लीत, प्रत्येक ठिकाणी सलग पाच मिनिटं, कुणीही न बोलता. हे आम्ही आळस करत का होईना पण केलं, आणि डिसेंबरात त्यानंच वाचवलं. ते पुढं येईल.

आणखी एक. प्रत्येक कारखान्यात कुठं ना कुठं मोबाइलवर गाणी चालू असतात. मुलाखतीच्या मागं सिनेमाचं गाणं वाजत असेल तर ते गाणं तुमच्या सिनेमात आलं, आणि त्याचे हक्क म्युझिक कंपनीकडून घ्यावे लागतात. नंतर ते पुसता येत नाही. रेकॉर्डिंग सुरू करण्याआधी हात जोडून गाणी बंद करायला सांगा. आमच्या एका चांगल्या मुलाखतीतली सहा मिनिटं अशी गेली.

संमतिपत्रं त्याच दिवशी, त्याच जागी घ्या. कारखान्याच्या मालकाचं जागेसाठी एक, आणि बोलणाऱ्या प्रत्येक माणसाचं वेगळं. इथले बरेच विणकर घरात तेलुगू बोलतात पण वाचतात मराठी, त्यामुळे पत्रं साध्या मराठीत केली. ‘सदरहू’, ‘उपरोक्त’ असले शब्द काढून टाका. ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्या घरातल्या शिकलेल्या माणसाला मोठ्यानं वाचायला लावलं आणि ते वाचन रेकॉर्ड केलं. एका शेडमध्ये शाळकरी मुलगा धाग्याच्या कांड्या भरत बसला होता. तो शॉट सुंदर होता. घेतला नाही, कारण त्याचे परिणाम त्या घराला भोगावे लागले असते, आम्हाला नाही.

आता माझ्या आवडत्या भागाकडं येतो, म्हणजे पंचकार्डांकडं.

चादरीवरचा मोर किंवा वेल आधी चौकटीच्या कागदावर रंगवला जातो. एक चौकट म्हणजे एक उभा धागा एका आडव्या धाग्याला ओलांडतो ती जागा. मग त्या नकाशाची एकेक ओळ एकेका पुठ्ठ्याच्या कार्डावर छिद्रांत उतरते. जिथं छिद्र आहे तिथं जेकार्डची, म्हणजे मागाच्या डोक्यावरच्या नक्षीच्या यंत्राची, सुई आत जाते, आकडा उचलला जातो आणि धागा वर येतो. छिद्र नाही तिथं धागा खालीच राहतो. धोट्याच्या एका फेरीला एक कार्ड. ही कार्डं दोरीनं एकमेकांना ओवलेली असतात आणि मागाच्या डोक्यावर माळेसारखी फिरत राहतात. सिनेमाची फीत आणि ही माळ यांत मला फारसा फरक दिसला नाही, म्हणून ठरवलं की कार्डंच फ्रेम म्हणून वापरायची.

एका डिझाइन मास्टरांकडं बाद झालेल्या नक्ष्यांची कार्डं पोत्यात पडून होती. ४० सेकंदांच्या हालत्या चित्रासाठी २५ च्या वेगानं १००० फ्रेम लागतात, प्रत्येक कार्ड दोन फ्रेम धरलं तर ५०० कार्डं. दोरी कापण्याआधी प्रत्येक कार्डाच्या कोपऱ्यात पेन्सिलनं क्रमांक घाला. आम्ही साठेक कार्डांनंतर सुरुवात केली, त्यामुळे पहिली साठ कार्डं छिद्रं मोजून पुन्हा लावावी लागली.

प्रत्येक कार्ड नेमकं एकाच जागी बसायला हवं, नाहीतर चित्र पडद्यावर थरथरतं. यासाठी बाहेरून काही आणावं लागत नाही. जेकार्डच्या सिलिंडरवर कार्ड बसावं म्हणून दोन टोकांना मोठी छिद्रं आधीच असतात. सुताराकडून त्या मापाच्या दोन लाकडी खुंट्या करून घेतल्या, दुधी अॅक्रिलिकच्या पाटीवर पक्क्या बसवल्या आणि खालून दिवा. जुन्या कार्डांची ही छिद्रं झिजून लांबट झालेली असतात, म्हणून कार्ड बसवल्यावर दर वेळी एकाच बाजूला, म्हणजे डावीकडं, रेटायचं. कॅमेऱ्यावर एक्स्पोजर, फोकस, रंगतापमान सगळं हातानं बांधून टाका. पहिल्या दिवशीचे दोनशे फ्रेम फुकट गेले कारण दिवा घरच्या विजेवर होता आणि व्होल्टेज वरखाली होत होतं. चालवून पाहिलं तर मोर श्वास घेत होता. दुसऱ्या दिवसापासून बॅटरीवरचा दिवा वापरला. ५०० कार्डांना चार रात्री लागल्या.

संकलन एप्रिल ते ऑगस्ट. ध्वनिमिश्रण सप्टेंबरमध्ये पुण्यात, दोन दिवस, १६,००० रुपये. मिश्रण करणाऱ्याकडून नुसती अंतिम फाइल घेऊ नका. बोलणं, मागाचा आवाज आणि संगीत असे तीन वेगळे थर मागून घ्या.

संकलनातच विडीचा प्रश्न आला. मागाच्या घरात अक्का विड्या वळतात. सोलापूरचं ते वास्तव आहे, दाखवायलाच हवं होतं. पण तंबाखूजन्य पदार्थांबाबतच्या नियमांत नुसतं ओढणंच नाही, पदार्थ दिसणंही येतं. दिसला की सुरुवातीला आणि मध्ये प्रत्येकी किमान ३० सेकंदांची आरोग्यविषयक चित्रफीत, शिवाय प्रत्येकी २० सेकंदांचं दृक्‌श्राव्य निवेदन, आणि तो शॉट चालू असेपर्यंत खाली इशारा. बेरीज केली तर १०० सेकंद. अडीच तासांच्या सिनेमात ती खपून जातात, २४ मिनिटांच्या माहितीपटात मध्यंतर नसताना मधोमध ५० सेकंद थांबणं म्हणजे विणलेलं कापड मध्येच कापणं. शेवटी तंबाखू भरण्याचे आणि बंडलांचे शॉट काढले आणि तेंदूची पानं पत्र्याच्या मापानं कात्रीनं कापतात तेवढं ठेवलं. पान म्हणजे तंबाखू नव्हे. ते कापणं कार्ड पंच करण्याच्या शेजारी ठेवल्यावर उलट जास्त बोलकं झालं. तरीही अक्का दिवसभर मांडीवरच्या सुपातली तंबाखू हाताळतात हे आता फक्त त्यांच्या तोंडून ऐकू येतं, दिसत नाही. ही तडजोड आहे, तिला कलात्मक निर्णय वगैरे म्हणणार नाही.

१४ ऑक्टोबरला सेन्सॉर बोर्डाच्या ई-सिनेप्रमाण पोर्टलवर अर्ज भरला. आपण बोर्डाच्या मुंबईतल्या प्रादेशिक कार्यालयाकडं जातो. निर्माता म्हणून एकट्या व्यक्तीलाही नोंदणी करता येते. पॅनवरचं नाव, बँक खात्यावरचं नाव आणि श्रेयनामावलीतलं नाव अक्षरशः सारखं ठेवा, मधलं नाव एकीकडं आणि दुसरीकडं नाही असं नको. लघुपट म्हणजे ७२ मिनिटांपर्यंतचा, शुल्क लांबीप्रमाणे बदलतं, अर्ज करण्याच्या दिवशी पोर्टलवरचा तक्ता पाहूनच हिशोब करा. श्रेण्या आता ‘यू’, ‘यूए ७+’, ‘यूए १३+’, ‘यूए १६+’, ‘ए’ आणि ‘एस’ अशा आहेत, आणि २०२३ च्या दुरुस्तीनंतर प्रमाणपत्राला दहा वर्षांची मुदत राहिलेली नाही.

सगळ्यात जास्त वेळ खाल्ला संवादांच्या प्रतीनं. आमच्या माणसांच्या तोंडी मराठी नऊ मिनिटं, तेलुगू पाच आणि दख्खनी दोन. त्यातही एकाच वाक्यात तिन्ही. भाषेच्या रकान्यात मराठी लिहिलं आणि संवादांचा तक्ता चार स्तंभांत केला: वेळ, मूळ वाक्य देवनागरीत, भाषा, इंग्रजी भाषांतर. भाषांतर आणि उपशीर्षकं मिळून ६,००० रुपये गेले. सोलापुरी तेलुगूचं भाषांतर हैदराबादच्या माणसाकडून करून घेऊ नका. पहिल्या खेपेला मागाचे निम्मे शब्द चुकले होते, मग इथल्याच एका निवृत्त शिक्षकांनी ते सुधारले.

दहा दिवसांनी, २४ ऑक्टोबरला, त्रुटी आली. अर्जात लांबी २४ मिनिटं, दिलेली प्रत २५ मिनिटांची.

कारण असं. ट्यूबलाइटमुळे चित्रीकरण २५ च्या वेगानं, म्हणजे २४ मिनिटांचे ३६,००० फ्रेम. डीसीपी, म्हणजे थिएटरच्या प्रोजेक्टरवर चालणारी डिजिटल प्रत, मी डीसीपी-ओ-मॅटिक या मोफत सॉफ्टवेअरवर केली आणि जुन्या सर्व्हरवर हमखास चालावी म्हणून वेग २४ ठेवला. तेच ३६,००० फ्रेम २४ च्या वेगानं चालवले की बरोबर २५ मिनिटं होतात. चित्र चार टक्के हळू, आवाजाची पट्टीही तेवढीच खाली. एकच सिनेमा, दोन लांब्या. यातून बाहेर पडायला कुठली तरी एक लांबी निवडून अर्ज, संवादांतल्या वेळा आणि प्रत तिन्ही जुळवावं लागतं. मी २५ च्या वेगाची नवी प्रत केली आणि २४ मिनिटं कायम ठेवली, कारण संवादांतल्या सगळ्या वेळा त्याच होत्या. मध्ये दिवाळी आली, दुरुस्त अर्ज ५ नोव्हेंबरला गेला.

परीक्षण २७ नोव्हेंबरला. आदल्या रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस पकडली. कार्यालय पेडर रोडला फिल्म्स डिव्हिजनच्या आवारात आहे. सोबत दोन हार्ड डिस्क, पेन ड्राइव्हवर कुठल्याही संगणकावर चालणारी साधी एच.२६४ व्हिडिओ प्रत, संवादांच्या छापील प्रती आणि संमतिपत्रांची फाइल. लघुपटाला समिती छोटी असते, सल्लागार मंडळावरचे एक सदस्य आणि एक परीक्षण अधिकारी. सिनेमा चालू असताना आपण बाहेर बसायचं. नंतर आत बोलावलं, दोन प्रश्न विचारले. रस्त्यातून शेळ्या जाताना दिसतात का? प्राणी असतील तर प्राणी कल्याण मंडळाच्या ना-हरकतीचा वेगळा प्रवास सुरू होतो, म्हणून मी तसे दोन शॉट संकलनातच काढले होते. दुसरा प्रश्न एका शिवीचा.

४ डिसेंबरच्या पत्रात तेवढंच होतं: जॉबरच्या, म्हणजे मागांची देखभाल करणाऱ्या मेस्त्रीच्या, तोंडची एक शिवी निःशब्द करा. पटलं नाही तर पुनरीक्षण समितीकडं जाता येतं, त्याच्यापुढं उच्च न्यायालय; मधलं अपील न्यायाधिकरण २०२१ मध्ये बंद झालं. एका शब्दासाठी ते करण्यात अर्थ नव्हता. पण शब्द निःशब्द केला तर त्याच माइकवरचा मागाचा आवाजही गेला, बारा फ्रेमचा खड्डा पडला. अखंड खडखडाटात अर्ध्या सेकंदाची शांतता शिवीपेक्षा मोठ्यानं ऐकू येते. त्या शेडच्या दारात घेतलेल्या पाच मिनिटांतून तुकडा उचलून तिथं बसवला, दोन्ही कडांना चार-चार फ्रेमचा उतार दिला. आता कळतसुद्धा नाही. बदलाची प्रत, काय बदललं त्याचा वेळेसह तक्ता, सगळं १६ डिसेंबरला दिलं. हे हातोहात द्यायला मुंबईची दुसरी फेरी झाली.

प्रमाणपत्र आल्यावर ते सुरुवातीला दहा सेकंद दाखवावं लागतं, म्हणजे डीसीपी पुन्हा करायची. त्या आधी थिएटरात कुठली यंत्रणा आहे ते विचारा. बऱ्याच एकपडदा थिएटरांत यूएफओ किंवा क्यूब या डिजिटल सिनेमा पुरवणाऱ्या कंपन्यांची यंत्रणा असते आणि तिथं आपली हार्ड डिस्क नेऊन लावता येईलच असं नाही. आम्हाला मिळालेल्या पडद्यावर डीसीपी चालत होती आणि सर्व्हर २५ चा वेगही घेत होता. मापं सांगतो: २के फ्लॅट १९९८ बाय १०८०, आपलं १९२० चं चित्र त्यात बसतं आणि दोन बाजूंना बारीक काळ्या पट्ट्या राहतात. १५० मेगाबिटच्या दरानं २४ मिनिटांची फाइल साधारण २७ जीबी झाली. आवाज नुसत्या डाव्या-उजव्या स्पीकरवर ठेवू नका, बोलणं मधल्या स्पीकरवर टाका, नाहीतर कडेच्या खुर्चीवरच्या माणसाला मुलाखत भिंतीतून आल्यासारखी वाटते. दोन हार्ड डिस्कना मिळून ९,००० रुपये, मुंबईच्या दोन फेऱ्यांना ४,२००. मिश्रण आणि भाषांतर धरून ३५,२००, सरकारी शुल्क सोडून.

खेळ रविवार, १९ जानेवारीला सकाळी नऊला ठेवला. गड्ड्याची यात्रा, म्हणजे सिद्धेश्वराची संक्रांतीची जत्रा, चालू होती, दुपारनंतर त्या बाजूच्या रस्त्यांवर गाडी हलत नाही. चाचणी आदल्या रात्री शेवटचा खेळ सुटल्यावर, साडेबाराला. चाचणीत पहिली पाच मिनिटं बघून समाधान मानू नका, सगळ्यात मोठ्या आवाजाचा आणि सगळ्यात काळोख्या दृश्याचा भाग लावायला सांगा. माग सुरू झाल्याबरोबर ऑपरेटरनं कानावर हात ठेवला. “आवाज लई येऊ लालाय बे, लोकं उठून जातील.” आम्ही ठेवलेला फेडर, म्हणजे आवाज कमीजास्त करायचं बटण, होता सहावर. साडेपाचवर अक्कांचं बोलणं नीट ऐकू येत होतं आणि मागही मागच वाटत होता. पाचवर माग शिलाई मशीनसारखा झाला. कागदाच्या चिटोऱ्यावर ‘५.५, हात लावू नये’ लिहून फेडरशेजारी चिकटवलं. सकाळी वेगळा ऑपरेटर होता, त्यानं चिटोरा वाचला आणि तसाच राहू दिला.